पुण्याच्या पेठांमधली वारसा आणि खाऊ फेरी: १४ जणांसाठी मार्ग तपासून हवा आहे

वाटाड्या
एका रविवारी सकाळी १४ जणांची पायी फेरी काढायची आहे. दोघं सत्तरीच्या पुढचे, तीन मुलं दहा-बारा वर्षांची, बाकी मधल्या वयाचे. निम्मे पुण्याबाहेरचे. कच्चा मार्ग असा आहे: शनिवारवाडा, लाल महाल, कसबा गणपती, तांबट आळी, त्रिशुंड गणपती, फडके हौद, सोन्या मारुती चौक, तांबडी जोगेश्वरी, दगडूशेठ, भिडे वाड्याची जागा, बेलबाग, मंडई, तुळशीबाग, विश्रामबागवाडा. खाण्यात मिसळ, अमृततुल्य चहा, बाकरवडी, पियूष आणि मस्तानी. वेळ ८ ते ११. नकाशावर अंतर साडेतीन किलोमीटरच्या आसपास भरतं. यात कुठे फसेल ते जाणकारांनी सांगावं.

कडीपाट
हिशोबातच फसतंय. मोकळ्या रस्त्यावर एकटा माणूस ताशी पाच किलोमीटर चालतो, पण पेठेच्या गल्लीत १४ जणांचा घोळका तीनच्या वर जात नाही. म्हणजे साडेतीन किलोमीटरला ७० मिनिटं नुसत्या चालण्यात गेली. खाण्याचे पाच थांबे प्रत्येकी १५ ते २० मिनिटं धरले तर आणखी ७५ ते १००. तीन तासांत उरली १० ते ३५ मिनिटं, आणि बघायच्या जागा १४. प्रत्येक ठिकाणी "हा अमुक वाडा, चला पुढे" याखेरीज काही होणार नाही.

माझं मत: बघायच्या जागा सात, खाण्याचे थांबे दोन, फार तर तीन. वेळ चार तास. सुरुवात साडेसातला. मोठ्या जागेला १५ ते २५ मिनिटं द्या, लहान जागा चालता चालता दाखवा.

आणि विश्रामबागवाडा शेवटी ठेवलात ते उत्तम. तिथे सावली मिळते आणि आत लाकूडकाम डोळ्यांच्या पातळीवर बघता येतं.

नागझरी
+१. पण काय गाळायचं यावर माझं म्हणणं वेगळं आहे. अशा मार्गांतून सगळ्यात आधी त्रिशुंड गाळलं जातं, कारण ते सोमवार पेठेत बाजूला पडतं. तसं करू नका. त्यापेक्षा दगडूशेठ रस्त्यावरून दाखवा, लाल महालही बाहेरूनच. लाल महालाची आजची इमारत महापालिकेने १९८० च्या दशकात बांधलेली आहे, मूळ वास्तूचं तिथे काही उरलेलं नाही. शायिस्ताखानावरचा ५ एप्रिल १६६३ चा छापा सांगायला तीन मिनिटं पुरतात आणि ती फुटपाथवर उभं राहूनही सांगता येतात.

त्रिशुंड मात्र खरोखरचं अठराव्या शतकातलं दगडी काम आहे. भीमजीगिरी गोसावी यांनी १७५४ मध्ये बांधकाम सुरू केलं. तीन सोंडांचा, मोरावर बसलेला गणपती. काळ्या दगडाच्या दर्शनी भिंतीवर गेंड्याला साखळी बांधणारे शिपाई कोरलेले आहेत, ते मुलांना शोधायला लावा. आत संस्कृत आणि फारसी शिलालेख आहेत. खाली तळघर आहे, एरवी ते बंद असतं. गाभाऱ्यात अंधार असतो, म्हणून बाहेरच सगळं सांगून घ्या आणि आत पाच-पाच जणांना सोडा. विजेरी मूर्तीवर रोखू नका. लेख वाचायचा असेल तर भिंतीला जवळजवळ समांतर धरा, अक्षरांच्या कडेला सावली पडते आणि लेख उठून दिसतो. समोरून प्रकाश टाकला तर सपाट दगडच दिसेल.

दुसरं असं की फेरीला एक धागा हवा, नाहीतर ती यादी होते. पुण्यात तो धागा पाणी आहे. कसब्याच्या पूर्वेला नागझरीचा ओढा, पश्चिमेला आंबील ओढा, उत्तरेला मुठा नदी, यांच्या बेचक्यात जुनं गाव होतं. नानासाहेब पेशव्यांच्या काळात आंबील ओढ्याचा प्रवाह वळवला, तेव्हा पश्चिमेकडे पेठा वाढायला जागा झाली. त्याच काळात, १७५० च्या सुमारास, कात्रजला बांध घालून झाकलेल्या नळातून पाणी शहरात आणलं. पंप नाही, सगळा खेळ उताराचा. नळ इतका मोठा की आत शिरून गाळ काढता येई, आणि हवा व दाब मोकळा व्हावा म्हणून वाटेत उच्छ्वास बांधलेले. शहरात पोचल्यावर पाणी हौदांत. काळा हौद, बदामी हौद, नाना हौद, फडके हौद ही नावं आता नुसती चौकांची वाटतात, पण एकेकाळी तिथे घागरी भरल्या जात. हे शनिवारवाड्याच्या कारंज्यापाशी सुरू करा आणि मंडईपर्यंत न्या.

सॅम्पल_वेगळं
खाण्याबद्दल.

पाचही पदार्थ एका सकाळी नकोत. मिसळीची पूर्ण प्लेट ब्रेडसकट पोटभर न्याहारी असते. त्यावर तासाभरात मोठा पेला मस्तानी आणि मध्ये पियूष म्हणजे शेवटचे दोन थांबे लोक नुसतं ऐकल्यासारखं करतात. एका माणसाला फेरीत एकूण ३५० ते ४०० ग्रॅम खाणं आणि एक चहा पुरतो.

मिसळ: दोघांत एक प्लेट आणि वर सॅम्पल, म्हणजे जादा रस्सा, मागून घ्या. १४ जणांना सात प्लेट. ऑर्डर एकदमच द्या, टेबलागणिक वेगळी दिली की शेवटचं टेबल पहिल्यापेक्षा दहा-बारा मिनिटं मागे राहतं. तुमच्या मार्गावर फडके हौदाजवळ वैद्य उपाहारगृह आहे, तिथला रस्सा हिरवा असतो: हिरवी मिरची, आलं, कोथिंबीर यांचा, लाल तवंग नाही. बाहेरच्या पाहुण्यांना हे आधी सांगा, कारण मिसळ म्हटलं की त्यांच्या डोळ्यांपुढे कोल्हापुरी कट असतो. पुण्याच्या जुन्या पद्धतीत खाली पोहे, बटाट्याची भाजी, वर शेव-चिवडा, कांदा, कोथिंबीर, लिंबू, आणि पावाऐवजी बऱ्याच ठिकाणी स्लाइस ब्रेड. रस्सा एकदम ओतू नका. निम्मा घाला, खा, मग पुन्हा घाला. सगळा घातला की शेवेचा लगदा होतो आणि चव एकसुरी लागते.

रविवारी नऊनंतर कुठल्याही नावाजलेल्या मिसळीच्या ठिकाणी रांग असते, आणि १४ खुर्च्या एकत्र कधीच रिकाम्या नसतात. आदल्या दिवशी जाऊन विचारा. राखून ठेवत नसतील तर चार-चारचे गट करून सोडा आणि बाकीच्यांना हौदाच्या चौकात पाण्याची गोष्ट सांगा. जागा लहान आहेत. खाऊन झाल्यावर टेबलाशी इतिहास सांगत बसू नका, मागे लोक उभे असतात.

चहा मिसळीनंतर किमान २० मिनिटांनी. अमृततुल्य म्हणजे नुसता गोड चहा नाही. दूध आणि पाणी जवळजवळ निम्मं-निम्मं, साखर सढळ, त्यात कुटलेला वेलदोडा आणि आलं किंवा सुंठ, पितळेच्या पातेल्यात डावाने सतत ढवळत उकळलेला आणि फडक्यातून गाळलेला. कप लहान असतो. मधुमेह असलेल्यांसाठी साखर कमी करून मिळत नाही, कारण साखर पातेल्यातच पडलेली असते. त्यांच्यासाठी वेगळी सोय आधी बघा.

बाकरवडी चालताना खाऊ नका. पाकीट घेऊन घरी न्या, टिकते. खाऊन दाखवायचीच असेल तर प्रत्येकी दोन आणि आतलं सारण उघडून दाखवा: सुकं खोबरं, खसखस, तीळ, धने, चिंचेची किंचित आंबट चव. पियूष आणि मस्तानी यांतलं एकच, तेही फेरी संपल्यावर. दुधाचा जड पदार्थ पोटात घेऊन उन्हात चालायचं नाही.

वहीवाला
चर्चा छान चालली आहे, वाचनखूण साठवली. सांगणाऱ्याने काय सांगू नये यावर थोडं.

"पेशवेकालीन मिसळ", "बाजीरावांची मस्तानी" असं काही बोलू नका. मस्तानी आइस्क्रीम घालून करतात, म्हणजे ती अठराव्या शतकातली असणं शक्यच नाही. बटाटा, पाव आणि चहा हेही पेशवाईतल्या पुण्याच्या रोजच्या ताटात नव्हते. चहा घरोघर पोचला तो विसाव्या शतकात. हे सांगितल्याने पदार्थाची गोडी कमी होत नाही. उलट पेठेतलं खाणं किती नवं आहे आणि किती पटकन "जुनं" झालं, हे ऐकायला लोकांना आवडतं.

शनिवारवाड्यापाशी नारायणराव पेशव्यांच्या खुनाची गोष्ट टळणार नाही. पक्कं आहे ते एवढं: ३० ऑगस्ट १७७३ ला वाड्यात खून झाला, मारेकरी गारदी, म्हणजे भाडोत्री पहारेकरी होते, आणि न्यायाधीश रामशास्त्री प्रभुणे यांनी नारायणरावांचे काका राघोबादादा यांना दोषी धरलं. "ध चा मा" ही लोकांच्या तोंडी असलेली कथा आहे, ती कथा म्हणूनच सांगा. अमावस्येच्या हाका वगैरे गाळा, मुलं नंतर फक्त तेवढंच लक्षात ठेवतात.

तारखा: पायाभरणी १० जानेवारी १७३०, वास्तुशांत २२ जानेवारी १७३२, दोन्ही शनिवार. १७ नोव्हेंबर १८१७ ला वाड्यावर इंग्रजांचं निशाण चढलं. २७ फेब्रुवारी १८२८ ला लागलेल्या आगीत आतल्या इमारती गेल्या. म्हणून आत गेल्यावर जोती आणि बागच दिसते, हे दारातच सांगून टाका.

पेठांची जुनी नावंही सांगण्यासारखी आहेत. शनिवार म्हणजे मुर्तजाबाद, रविवार म्हणजे मलकापूर, सोमवार म्हणजे शहापूर, गुरुवार म्हणजे वेताळ पेठ. मुलांना वाटतं की शनिवार पेठेत शनिवारी बाजार भरे एवढंच. या नावांमागे वसवणारे, कारभारी, सत्ता बदलणं असं सगळं आहे.

भिडे वाड्याची जागा गाळू नका. १८४८ मध्ये जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी मुलींची शाळा तिथे काढली. जुनी इमारत डिसेंबर २०२३ मध्ये स्मारकासाठी पाडली, त्यामुळे "वाडा कुठे आहे?" असं लोक विचारतील. उत्तर तयार ठेवा. आणि तिथून मंडईकडे जाताना जोड आपोआप मिळते: मंडईची इमारत १८८६ ची, मूळ नाव रे मार्केट, गव्हर्नर लॉर्ड रे यांच्या नावाने. जोतीराव नगरपालिकेचे सभासद असताना एवढा पैसा बाजारावर घालण्याऐवजी शिक्षणावर घाला म्हणत होते. पुढे त्याच मंडईला आचार्य अत्रे यांच्या पुढाकाराने महात्मा फुले यांचं नाव मिळालं.

कडीपाट
वाडा "वाचायचा" कसा, हे दोनच ठिकाणी शिकवा. बाकी सगळीकडे लोक आपोआप बघतील.

पहिलं शनिवारवाड्याचा दिल्ली दरवाजा. तो उत्तरेला तोंड करून आहे, त्यामुळे सकाळी ऊन समोरून पडत नाही. फोटो काळपट येतात म्हणून घाई करू नका, डोळ्याला सगळं नीट दिसतं. खिळे दाराच्या कुठल्या उंचीवर आहेत ते बघायला सांगा: हत्तीच्या कपाळाच्या. मोठ्या दारातली लहान दिंडी दाखवा, रोजची ये-जा तिच्यातून होई. आत शिरल्यावर वाट सरळ जात नाही, काटकोनात वळते. धावत येणाऱ्याचा जोर तिथे मोडतो. तटाच्या खालच्या भागात दगड आणि वर वीट, ती सांध्याची रेघ बाहेरूनच दाखवा. वर नगारखान्याचं लाकूडकाम आहे. आत जायचं असेल तर तिकीट मोबाइलवर आधी काढा आणि दार उघडण्याची वेळ तपासा. साडेसातला निघणार असाल तर बाहेरूनच बघावं लागेल, आणि मला तेच पसंत आहे. आतला भाग उन्हात चालत बघायला वेगळा तास लागतो.

दुसरं विश्रामबागवाडा, दुसऱ्या बाजीरावांचा, एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या दशकातला. रस्त्याच्या बाजूचे सुरूच्या झाडाच्या आकारात कोरलेले खांब, त्यांवरची केळफुलं, मधल्या महिरपी. खांब दगडी जोत्यावर उभे आहेत, कारण लाकडाचं बूड ओलं राहिलं की वाळवी लागते. वर कडीपाट बघा: तुळईवर कड्या, कड्यांवर पाट, त्यावर माती. पूर्वी घर चौरस फुटांत नाही, खणांत मोजत. दोन खांबांमधलं अंतर म्हणजे एक खण. मुलांना ओसरीचे खण मोजायला लावा, मग "सात खणी, दुमजली" हे शब्द त्यांना आयुष्यभर कळतात. १८२१ मध्ये एल्फिन्स्टनच्या काळात इथे संस्कृत पाठशाळा सुरू झाली, आणि १८७९ च्या आगीत वाड्याचा काही भाग जळाला. त्याच आगीत बुधवारवाडा पूर्ण गेला.

वाटेत नदीकडच्या पेठांत जुने वाडे इतके कमी का, असा प्रश्न येतोच. त्याचं मोठं कारण १२ जुलै १९६१, पानशेत धरण फुटलं तो दिवस. पांढऱ्या मातीच्या भिंती पाण्यात उभ्या राहिल्या की खालून विरघळतात आणि वरचं लाकूड जसंच्या तसं खाली बसतं.

चालता_बोलता
गट सांभाळण्याबद्दल, कारण मार्ग कितीही चांगला असला तरी गोंधळ इथेच होतो.

पुढे सांगणारा, मागे शेवटचा माणूस, दोघांकडे एकमेकांचे नंबर. शेवटचा माणूस कुणाच्याही पुढे जायचा नाही, दुकानात शिरलेल्यालाही बाहेर काढूनच निघायचं. रस्ता ओलांडायच्या आधी थांबा, सगळे जमले की मगच. ओलांडताना दोन तुकडे झाले तर पलीकडच्याने परत यायचं नाही.

शिवाजी रस्ता शनिवारवाड्याकडून स्वारगेटकडे एकेरी आहे, लक्ष्मी रस्ता पश्चिमेकडे एकेरी. तुमचा मार्ग दोन्हींवर वाहतुकीच्याच दिशेने जातो, म्हणजे दुचाक्या सतत पाठीमागून येणार. वयस्कर लोक दचकतात. जिथे गल्लीतून जाता येतं तिथे गल्लीच धरा, आणि चालताना काही सांगू नका. सांगायचं ते कोपऱ्यात, भिंतीला पाठ लावून, ऊन लोकांच्या पाठीवर आणि सांगणाऱ्याच्या तोंडावर येईल असं उभं राहून. ध्वनिवर्धक कमरेचा असला तरी देवळाच्या आवारात बंद. १४ जणांना साध्या आवाजात पोचवता येतं, अर्धवर्तुळ करा, रांग नको.

सत्तरीच्या दोघांसाठी त्रिशुंड ते फडके हौद हा तुकडा रिक्षाने. बाकीचे चालत येईपर्यंत ते टेबल धरून बसतील, मिसळीचा प्रश्नही सुटतो. बसायला कसबा गणपतीचा सभामंडप आणि विश्रामबागवाडा, एवढ्याच भरवशाच्या जागा. स्वच्छतागृह निघायच्या आधी आणि मिसळीच्या ठिकाणी, मध्ये शोधत बसलात तर १५ मिनिटं जातात.

गाड्या आणू नका. सप्टेंबर २०२४ पासून जिल्हा न्यायालय ते स्वारगेट भुयारी मेट्रो सुरू आहे. यायचं कसबा पेठ स्थानकावर, परतायचं मंडई स्थानकावरून. फेरी जिथे सुरू झाली तिथेच संपवायची गरज उरत नाही.

नागझरी
तांबट आळीबद्दल राहिलं. ती रविवारी नेऊ नका. तिथे बघायचं ते काम चालू असलेलं, नुसती बंद दारं नव्हे. कामाच्या दिवशी, आधी विचारून, पाच-सहा जणांनीच जावं. भांडं घडवून झालं की त्यावर माठारकाम होतं: ठोके एकमेकांना चिकटून, सारख्या जोराने, ओळीने. ठोक्याने तांबं कडक होत जातं, म्हणून मध्ये तापवून ते पुन्हा मऊ करावं लागतं. ते न करता ठोकत राहिलं तर कड फाटते. खळगे दिसायला शोभेचे वाटतात, पण पत्रा ताठ राहतो तो त्यांच्यामुळे. खरं हातचं काम ओळखायचं तर भांड्याच्या आत बोट फिरवा, ठोके थोडे कमी-जास्त लागतात. यंत्राचे सगळे अगदी सारखे.

वाटाड्या
सगळ्यांचे आभार. सुधारलेला आराखडा:

७:३० दिल्ली दरवाजा बाहेरून, कात्रजच्या पाण्याची सुरुवात. ७:५० लाल महाल फुटपाथवरून. ८:०० कसबा गणपती, थोडं बसणं. ८:१० ला निघून नागझरी ओलांडायची, ८:२५ ते ८:५० त्रिशुंड. ९:०५ फडके हौद, मिसळ, सात प्लेट, दोघं रिक्षाने पुढे. ९:३५ ला रविवार पेठेच्या गल्ल्यांतून सोन्या मारुती चौक, १० च्या सुमारास चहा. १०:१५ भिडे वाड्याची जागा, दगडूशेठ समोरूनच. १०:३० मंडई, १०:५० तुळशीबागेतलं राममंदिर. ११:०५ ते ११:३० विश्रामबागवाडा. मस्तानी ज्याला हवी त्याने नंतर. तांबट आळी, जोगेश्वरी आणि बेलबाग दुसऱ्या फेरीसाठी. काही राहिलं का?

सॅम्पल_वेगळं
एकच. चहा आणि मिसळ यांत २५ मिनिटं सुटतात, ते बरोबर. पण माणशी अर्धा लिटर पाणी जवळ ठेवा, मार्च ते मे असेल तर एक लिटर. मिसळीनंतर मुलं पाणी पाणी करतात.

कडीपाट
तुळशीबागेत मंदिर आधी, दुकानं नंतर. नारो अप्पाजी खिरे यांनी बांधवलेलं आहे. शिखर जवळून बघू नका, मान मोडते. आवाराच्या कडेला जितकं मागे सरकता येईल तितकं सरका. अकरानंतर दुकानांची गर्दी वाढते आणि तुमची माणसं खरेदीत विरतात, तेव्हा १०:५० ची वेळ पाळा. विश्रामबागवाड्याच्या आतला भाग रविवारी उघडा आहे का ते आदल्या दिवशी विचारा. नसेल तर रस्त्यापलीकडून दर्शनी भाग दाखवून तिथेच संपवा.

चालता_बोलता
पावसाळ्यात निघालात तर छत्र्या नकोत. गल्लीत १४ छत्र्या उघडल्या की मागच्याला पुढचं काही दिसत नाही आणि काड्या डोळ्यांच्या उंचीवर येतात. रेनकोट सांगा. त्रिशुंडाच्या दगडी पायऱ्या ओल्या असतात, चपला बाहेर काढल्यावर पाय कोरडे करूनच आत जा. गणेशोत्सवाचे दहा दिवस आणि दिवाळीच्या आधीचा आठवडा हा मार्ग करू नका, शिवाजी रस्ता आणि लक्ष्मी रस्ता ओलांडणंच होत नाही.